अग्निचंद्राचा ठावठिकाणा

चंद्र म्हटला की आपल्या मनाला गारवा वाटतो. आपल्या कवींनी त्याला दिलेली नावेच पाहा: शीतांशू, हिमांशू, सुधाकर. कोजागरीला आपण आटीव दुधाचे पातेले चांदण्यात ठेवतो, ते चंद्र त्याला ऊन करील म्हणून नव्हे. अशा या चंद्राला आगीचा गोळा म्हणण्याचे धाडस आपल्याकडे केले ते एका विरही राजाने. ‘शाकुंतला’च्या तिसऱ्या अंकात कालिदासाचा दुष्यंत कामदेवाकडे तक्रार करतो, की लोक चंद्राला शीतल म्हणतात खरे, पण माझ्यावर तर तो आगच ओतीत आहे. अर्थात हा बोलून चालून प्रेमिकाचा कांगावा. आगीचे खापर चंद्रावर फोडले असले, तरी आग कोठे लागली आहे हे राजाला ठाऊक होते, कवीला होते आणि नाटक पाहणाऱ्यालाही होते.

परंतु प्रेमात न पडलेल्या, चांगल्या शहाण्यासुरत्या माणसांनीही आगीचा चंद्र कल्पिला आहे. एवढेच नव्हे, तर आपल्या डोळ्यांनी तो पाहिला असे शपथेवर सांगावे इतक्या खात्रीने सांगितले आहे. जेथे तो दिसला तेथे तो नव्हता. आणि पुढे जेथे तो खराच निघाला, तेथे तो असेल असे जवळजवळ पावणेचारशे वर्षे कोणाच्या ध्यानीमनी नव्हते. या अग्निचंद्राच्या शोधाची हकीकत मोठी मौजेची आहे; आणि नुसती मौजेची नाही, पाहणे म्हणजे काय आणि समजणे म्हणजे काय, हेही ती शिकवून जाते.

कथेचा आरंभ ग्रीसमध्ये होतो. इसवी सनापूर्वी सहाव्या शतकात ॲनॅक्सिमँडर नावाचा विचारवंत होऊन गेला. त्याच्या मते चंद्र म्हणजे आगीने भरलेले एक पोकळ चाक होते. त्या चाकाला एक भोक. त्यातून आतली आग आपल्याला दिसते, आणि ते भोक हळूहळू बुजू लागले की चंद्र क्षीण होतो. पुढच्या शतकात अथेन्समध्ये ॲनॅक्सागोरसने ही आग विझवून टाकली. सूर्य हा तापून लाल झालेला दगड आहे आणि चंद्र हा मातीचा असून त्याचा उजेड उसना आहे, असे तो सांगू लागला. देवांना दगडमाती ठरवल्याबद्दल त्याच्यावर पाखंडीपणाचा खटला झाला आणि त्याला अथेन्स सोडून जावे लागले. आपल्याकडे आर्यभटाने इ. स. ४९९च्या सुमारास चंद्र जलमय आणि सूर्य अग्निमय असे म्हटले, आणि चंद्राचा प्रकाश सूर्याचा आहे हेही स्पष्ट सांगितले. तेव्हा चंद्राची आग शास्त्रापुरती तरी विझल्यासारखीच होती. ती पुन्हा पेटवली ती एका फार मोठ्या माणसाने.

विल्यम हर्शेल हा मूळचा जर्मनीतल्या हॅनोव्हरचा, धंद्याने वादक. इंग्लंडात येऊन बाथ गावच्या एका प्रार्थनामंदिरात तो ऑर्गन वाजवी, शिकवण्या करी आणि रात्री आकाश पाही. विकतच्या दुर्बिणीने समाधान होईना, तेव्हा धातूचे आरसे स्वतःच ओतून, तासन्‌तास घाशीत बसून त्याने दुर्बिणी केल्या. त्याची बहीण कॅरोलाइन या सगळ्या खटाटोपात त्याचा उजवा हात होती. १७८१च्या मार्चमध्ये त्याला युरेनस हा नवा ग्रह सापडला, आणि हा वादक एका रात्रीत जगाचा ज्योतिर्विद झाला. राजाने त्याला तनखा बांधून दिला. १७८७च्या जानेवारीत युरेनसचे दोन चंद्रही त्याने शोधले. सांगण्याचा मुद्दा असा, की त्या वर्षी साऱ्या पृथ्वीवर हर्शेलच्या दुर्बिणीहून चांगली दुर्बीण नव्हती आणि हर्शेलच्या डोळ्याहून सरावलेला डोळाही नव्हता.

त्याच वर्षी १९ एप्रिलच्या रात्री हर्शेलने कोवळ्या चंद्रकोरीकडे दुर्बीण वळवली. दोनच दिवसांपूर्वी अमावास्या होऊन गेली होती. कोरीखेरीज उरलेल्या काळोख्या भागात त्याला तीन ठिकाणी उजेड दिसला. दोन मंद होते. ते विझत आलेले किंवा पेटू घातलेले ज्वालामुखी असावेत असे त्याने मानले. तिसरा मात्र चांगला धगधगत होता. दुसऱ्या रात्री तो अधिकच तेजस्वी वाटला. त्याच्या अंदाजाने जळणारा भाग तीन मैलांहून रुंद होता. वर राखेचा पातळ पापुद्रा धरलेला कोळशाचा निखारा असावा तसा तो दिसतो, असे वर्णन त्याने केले. रॉयल सोसायटीपुढे हा वृत्तांत वाचला गेला आणि त्याच वर्षी चंद्रावरच्या तीन ज्वालामुखींची हकीकत म्हणून छापूनही आला. जगातल्या सर्वांत चांगल्या दुर्बिणीतून जगातल्या सर्वांत चांगल्या निरीक्षकाने पाहिलेली आग! शंका घ्यायची तरी कोणी?

हर्शेलने काय पाहिले, ते आपल्याला दिवाळीच्या दिवसांत घरच्या गच्चीवरून समजून घेता येते. लक्ष्मीपूजनाची रात्र अमावास्येची, चंद्र नाहीच. मग भाऊबीजेच्या संध्याकाळी पश्चिमेला नाजूक कोर दिसते. ज्या बहिणीला भाऊ नसतो, ती या कोरीलाच भाऊ मानून ओवाळते. त्या वेळी आकाश स्वच्छ असेल, तर कोरीच्या कुशीत उरलेला पूर्ण चंद्रही राखी रंगाने पुसट दिसतो. हा उजेड पृथ्वीचा. आपल्याला जसे चांदणे, तसे चंद्राला आपले ‘पृथ्वीणे’ म्हणा ना! सूर्याचा प्रकाश पृथ्वीवरून उलटून चंद्रावर पडतो आणि तेथून पुन्हा आपल्याकडे येतो. चंद्राच्या पृष्ठभागावर ॲरिस्टार्कस नावाचे एक विवर आहे. त्याचे खडक आसपासच्या प्रदेशापेक्षा फारच उजळ आहेत, त्यामुळे या पुसट उजेडातही ते ठळक चमकते. हर्शेलचा निखारा तो हाच. म्हणजे आग चंद्राची नव्हती. आपल्याच घरच्या दिव्याचा कवडसा शेजाऱ्याच्या भिंतीवर पडला, आणि शेजाऱ्याचे घर पेटले असे आपल्याला वाटले.

हर्शेल खोटे बोलला नाही, आणि त्याच्या डोळ्यांनीही त्याला दगा दिला नाही. उजेड होता, आणि तो होता तेथेच त्याला दिसला. ‘उजेड आहे’ येथून ‘आग आहे’ येथवर त्याच्या मनाने जी उडी घेतली, तेवढी फसली. पण मोठ्या माणसाची उडी फसली, तरी मागून येणारे बरेच जण त्याच जागी उडी घेतात. चंद्रावर ज्वालामुखी आहेत हे एकदा मनात ठसल्यावर अनेक गोष्टी त्यात चपखल बसू लागल्या. आकाशातून दगड पडतात हे शास्त्रज्ञ मान्य करू लागले, तेव्हा ते येतात कोठून हा प्रश्न आला. लाप्लास हा फ्रान्सचा थोर गणिती. चंद्रावरच्या ज्वालामुखींनी भिरकावलेले दगड पृथ्वीवर येऊन पोहोचत असतील, या कल्पनेला त्याने १८०२ साली पाठिंबा दिला. हिशेबाने ते अशक्य नव्हते. फक्त भिरकावणारे कोणी तेथे नव्हते. लाप्लासचे हे नाव वाचकांनी ध्यानात ठेवावे. याच माणसाच्या दुसऱ्या एका गणिताची गाठ पुढे आपल्याला पडणार आहे.

चंद्रावरची विवरे म्हणजे ज्वालामुखींचीच तोंडे, हा समज विसाव्या शतकातही पुष्कळांनी सोडला नव्हता. १९५८ साली ३ नोव्हेंबरला सोव्हिएत ज्योतिर्विद निकोलाय कोझिरेव्ह यांनी अल्फॉन्सस विवराच्या मधल्या शिखरातून वायू बाहेर पडताना आपल्या वर्णपटात नोंदला गेला असे जाहीर केले, तेव्हा केवढी खळबळ उडाली! निवाडा झाला तो १९६९च्या जुलैमध्ये. अपोलो-११च्या अंतराळवीरांनी चंद्रावरून सुमारे साडेएकवीस किलो दगडमाती आणली. तीत बेसाल्ट निघाला, म्हणजे थिजलेला लाव्हा. आपल्या सह्याद्रीचा काळा कातळ ज्या जातीचा, त्याच जातीचा. तर मग हर्शेलचे म्हणणे खरेच ठरले की! पण त्या बेसाल्टचे वय काढले, ते साडेतीन अब्ज वर्षांहून अधिक भरले. २०२०च्या डिसेंबरमध्ये चिनी यानाने दुसऱ्या ठिकाणाहून आणलेला बेसाल्टही सुमारे दोन अब्ज वर्षांचा निघाला. आपण लहान मुलांना चंद्रावरचा ससा दाखवतो. तो ससा या थिजलेल्या लाव्ह्याच्या काळ्या मैदानांचा आहे. चंद्रावर आग होती, आणि ती सामान्य नव्हती. हर्शेल तेथे पोहोचला तो अब्जावधी वर्षे उशिरा.

येथवरची कथा वाचून कोणी म्हणेल, की चला, अग्निचंद्र ही कविकल्पनाच ठरली. पण आता आपल्याला हर्शेलच्याही मागे जायला हवे. ७ जानेवारी १६१० रोजी पादुआ गावी गॅलिलिओने आपली नवी दुर्बीण गुरू ग्रहाकडे वळवली. ग्रहाजवळ एका रेषेत तीन ठिपके दिसले. रोज पाहावे तो ते जागा बदलीत. आठवडाभरात चौथाही दिसला. हे गुरूचे चंद्र होते. सगळे काही पृथ्वीभोवतीच फिरते या जुन्या मताला त्या चार ठिपक्यांनी जबर धक्का दिला. गॅलिलिओने त्यांना आपल्या आश्रयदात्या मेदिची घराण्याचे नाव दिले. आज चालतात ती नावे सिमॉन मारिउस या जर्मन ज्योतिर्विदाने १६१४ साली छापली. गुरूच्या सर्वांत जवळच्या त्या मोठ्या चंद्राला त्याने आयो म्हटले. आयो ही ग्रीक पुराणातली एक पुजारीण. देवराजाचे मन तिच्यावर बसले, आणि राणीच्या मत्सरापायी बिचारीला गाय होऊन रानोमाळ भटकावे लागले.

या भटक्या गाईने माणसांचे एक मोठे काम केले. आयो दर साडेबेचाळीस तासांनी गुरूला एक फेरी घालतो आणि प्रत्येक फेरीत गुरूच्या सावलीत जाऊन बाहेर येतो. म्हणजे आकाशात टांगलेले घड्याळच. पॅरिसमध्ये काम करणाऱ्या ओले रोमर या डॅनिश ज्योतिर्विदाच्या ध्यानात आले, की पृथ्वी गुरूपासून दूर गेली की हे घड्याळ मागे पडते. त्याने आगाऊ सांगून ठेवले, की ९ नोव्हेंबर १६७६ रोजी आयो सावलीतून १० मिनिटे उशिरा बाहेर येईल. तसेच झाले. घड्याळ बिघडले नव्हते. त्याचा ठोका आपल्यापर्यंत यायला वेळ लागत होता. प्रकाशाला वेग आहे हे जगाला अशा रीतीने कळले. पृथ्वीच्या कक्षेचा व्यास ओलांडायला प्रकाशाला २२ मिनिटे लागतात असा रोमरचा हिशेब होता. खरी वेळ पावणेसतरा मिनिटांच्या आसपास आहे. पहिल्या प्रयत्नाला हा आकडा काही वाईट नव्हे.

एवढे सारे झाले, तरी आयो स्वतः कसा आहे हे कोणाला ठाऊक नव्हते. मोठ्यातल्या मोठ्या दुर्बिणीतही तो एक टिकलीएवढा ठिपका. त्याचा व्यास सुमारे ३,६४० किलोमीटर, आपल्या चंद्राचा ३,४७४. गुरूपासून त्याचे अंतर सुमारे ४ लाख २२ हजार किलोमीटर, आपल्या चंद्राचे आपल्यापासून ३ लाख ८४ हजार. जणू सख्खा भाऊच. मग आपला चंद्र विझून गेला आहे, तर हाही विझलेला, विवरांनी खडबडीत झालेला आणि सूर्यापासून इतक्या दूर म्हणजे गोठलेला असणार, हे अनुमान कोणीही करावे. सर्वांनी तेच केले होते.

फरक होता तो घरधन्यात. गुरूचे वस्तुमान पृथ्वीच्या ३१८ पट आहे. कोकणच्या किनाऱ्यावर चंद्रामुळे भरती-ओहोटी येते ती आपण पाहतो. आयोवर गुरूमुळे पाण्याला नव्हे, खडकालाच भरती येते, आणि ती शंभर मीटरांपर्यंत चढते. आयोची कक्षा अगदी वर्तुळाकार असती, तर ही भरती एके जागी स्थिर राहिली असती आणि काही बिघडले नसते. पण येथे लाप्लासचे दुसरे गणित येते. आयोच्या चार फेऱ्या होतात तेव्हा युरोपाच्या दोन आणि गॅनिमीडची एक होते. १७८८च्या सुमारास लाप्लासने या ठेक्याची मीमांसा केली. झोपाळ्याला दर हेलकाव्याला नेमक्या क्षणी हलका धक्का मिळाला की तो थांबत नाही. तसे हे दोन चंद्र आयोला वर्तुळात स्वस्थ फिरू देत नाहीत. त्यामुळे तो गुरूच्या कधी जवळ, कधी दूर जातो. खडकाची भरती चढते, उतरते, पुन्हा चढते. लोखंडी तार हातात धरून पुन्हा पुन्हा वाकवली की वाकलेल्या जागी ती गरम लागते, हे आपल्याला ठाऊक आहे. आयो हा असा अखंड वाकवला जाणारा गोळा आहे. चंद्रावर नसलेल्या ज्वालामुखींना ज्याने पाठिंबा दिला, त्याच लाप्लासच्या वहीत खऱ्या ज्वालामुखींचे कारण चौदा वर्षे आधीपासून पडून होते!

हा धागा जोडला तो स्टँटन पील, पॅट्रिक कॅसन आणि रे रेनॉल्ड्स या तीन अमेरिकन शास्त्रज्ञांनी. भरतीच्या ओढाताणीने आयोच्या पोटात एवढी उष्णता निर्माण व्हावी, की आतला खडक वितळेल, असे त्यांचे गणित सांगत होते. त्यांचा लेख ‘सायन्स’ नियतकालिकात प्रसिद्ध झाला २ मार्च १९७९ रोजी. आणि व्हॉयेजर-१ हे यान गुरूजवळून गेले ५ मार्चला! भाकित आणि परीक्षा यांत तीन दिवसांचे अंतर. यानाची छायाचित्रे येऊ लागली तेव्हा शास्त्रज्ञ चक्रावले. तांबडा, पिवळा, मधेच काळे डाग असा तो गोळा; त्यांना पिझ्झा आठवला, आपल्याला तव्यावर जागोजाग करपलेले थालीपीठ आठवले असते. आणि आदळलेल्या उल्कांचे एकही विवर दिसेना. कोणीतरी पृष्ठभाग सतत नव्याने सारवीत असल्यासारखा तो कोरा होता.

८ मार्चला यान दूर निघून गेले असता त्याने मागे वळून आयोचे एक छायाचित्र घेतले. ते आयोसाठी नव्हतेच. यान नेमके कोठे आहे हे ठरवण्यासाठी मागचे फिकट तारे दिसावेत, म्हणून मुद्दाम जास्त उजेड घेऊन ते काढले होते. कॅलिफोर्नियातल्या जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीत लिंडा मोराबितो ही पंचविशीतली अभियंता हे चित्र तपासत होती. काम यानाच्या मार्गाचे; ज्वालामुखींशी तिचा काही संबंध नव्हता. फिकट तारा शोधण्यासाठी तिने चित्राचा उजेड वाढवला, तर आयोच्या कडेबाहेर छत्रीसारखा एक पुसट ढग दिसला. तिने लगेच ‘आग’ म्हटले नाही. चित्राचा दोष असेल काय? मागे डोकावणारा दुसरा चंद्र असेल काय? एवढा मोठा चंद्र असता, तर तो केव्हाच सापडला असता. आपल्या सहकाऱ्यांबरोबर तिने एकेक शक्यता तपासून बाजूला केली, आणि उरली ती एकच: आयोवरून अडीचशे किलोमीटरांहून उंच उसळलेला ज्वालामुखीचा फवारा. यानावरच्या दुसऱ्या उपकरणाने त्याच सुमारास आयोवर उष्ण जागा टिपल्या, तेव्हा साक्षीदार दोन झाले. पृथ्वीबाहेर कोठेही पाहिलेला हा पहिला जिवंत ज्वालामुखी.

दिवाळीत आपण भुईनळा पेटवतो, तेव्हा ठिणग्यांचे झाड वर जाऊन चहूबाजूंनी खाली झुकते. आयोवरचे फवारे तसेच दिसतात. हवा जवळजवळ नाहीच आणि ओढही पृथ्वीच्या एक षष्ठांशाहून थोडीच अधिक, म्हणून त्यांचा घेर शेकडो किलोमीटर. असे चारशेहून अधिक ज्वालामुखी तेथे आहेत. नवल हे, की अग्निचंद्राची कातडी मात्र गार आहे. लाव्हा हजार अंशांहून अधिक तापलेला, आणि थोड्या अंतरावर जमीन शून्याखाली शंभराहून अधिक अंश. गंधकाच्या वायूचे तेथे हिम पडते. या ज्वालामुखींना जगभरच्या अग्निदेवतांची आणि सूर्यदेवतांची नावे देण्यात आली: हवाईची पेले, उत्तर युरोपचा लोकी, ग्रीकांचा प्रॉमिथ्यूस, आणि त्यांत आपला अग्नी व सवितृही आहेत. २०२३च्या डिसेंबरात आणि २०२४च्या फेब्रुवारीत जूनो यान आयोपासून अवघ्या दीड हजार किलोमीटरांवरून गेले. पुराणात आयोचा छळ करणाऱ्या राणीचेच हे रोमन नाव! त्याच्या मोजमापांवरून असे दिसले, की कातडीखाली लगेच लाव्ह्याचा सलग समुद्र पसरलेला नाही. म्हणजे आयोचे कोडे अजून पुरते सुटलेले नाही.

हर्शेल आणि मोराबितो या दोघांनीही काळोखावर एक पुसट उजेड पाहिला. एक जगातला पहिल्या प्रतीचा ज्योतिर्विद. दुसरी, दुसऱ्याच कामावर नेमलेली तरुणी. मोठेपणात दोघांची तुलना नाही, आणि करूही नये. पण हर्शेलला आग अपेक्षित होती, म्हणून ती दिसताच तो थांबला. मोराबितोला ती अपेक्षित नव्हती, म्हणून ती विचारीत राहिली. आगीची स्वप्ने कवी पाहतात, ती त्यांनी पाहावीतच. दुष्यंताच्या चंद्राने जी होरपळ आपल्याला दाखवली ती कोणत्याही दुर्बिणीला दिसणार नाही. मात्र खरी आग कोठे आहे हे विचारायचे असेल, तर ‘हे दुसरे काय असू शकेल?’ हा प्रश्न आधी विचारावा लागतो.

यंदा भाऊबीजेची कोर ओवाळून झाली की क्षणभर तिच्या कुशीतला राखी उजेड पाहावा. तो आपल्याच पृथ्वीचा आहे. आणि वर्षात ज्या महिन्यांत गुरू रात्री आकाशात असेल, तेव्हा एखादी लहानशी दुर्बीण मिळवून मुलांना दाखवावी. ग्रहाच्या दोन बाजूंना चार ठिपके दिसतील. त्यांतला गुरूभोवती सर्वांत घाईने फिरणारा, कधी या बाजूला तर दुसऱ्या रात्री त्या बाजूला दिसणारा, तो अग्निचंद्र. दिसायला तो इतर तिघांसारखाच शांत आहे.